ललिता पवार : मूकपटापासून दूरदर्शनपर्यंतच्या एका अभिनय-कारकीर्दीचा विचार

(१)

रंगभूमीवरील नटाची साधने दोन : देह आणि वाणी. वयाबरोबर ही साधने बदलतात. परंतु समोर प्रेक्षक बसलेला असावयाचा, ही रंगभूमीची मूळ अट बदलत नाही. चित्रपटनटाची स्थिती निराळी आहे. त्याचा अभिनय यंत्राच्या द्वारे प्रेक्षकापर्यंत पोहोचतो, आणि यंत्र बदलले की अभिनयाचे व्याकरणही बदलते. म्हणूनच मूकपटाच्या काळात ज्यांनी पदार्पण केले आणि बोलपट, पार्श्वगायन, रंगीत चित्रपट व शेवटी दूरदर्शन या सर्व स्थित्यंतरांतून ज्यांचे काम चालू राहिले, अशा नटनटींच्या कारकीर्दी अभ्यासकांच्या दृष्टीने फार मोलाच्या ठरतात. एकाच व्यक्तीच्या अभिनयात माध्यमाच्या इतिहासाचे थर एकावर एक साचलेले तेथे पाहावयास मिळतात.

मराठी मुलखापुरते बोलावयाचे तर अशा कारकीर्दींमध्ये ललिता पवार (१९१६–१९९८) यांचे स्थान अग्रभागी आहे. १९२८ साली पुण्यातील आर्यन फिल्म कंपनीच्या मूकपटांतून त्यांनी बालवयात पदार्पण केले. १९८७–८८ मध्ये दूरदर्शनवरील ‘रामायण’ मालिकेतील मंथरा म्हणून देशातील घराघरांत त्या ओळखल्या गेल्या. या दोन टोकांमधील अंतर साठ वर्षांचे आहे. त्यांच्या चित्रपटांची संख्या सातशेहून अधिक सांगितली जाते. हा आकडा सूचीकारांनी तपासून घ्यावा असा आहे. परंतु तो निम्मा धरला तरी व्याप लहान ठरत नाही.

या कारकीर्दीचा सर्वत्र रूढ असलेला वृत्तान्त थोडक्यात असा : आरंभी त्या नायिका होत्या, १९४२ साली चित्रीकरणाच्या वेळी बसलेल्या एका थपडेमुळे त्यांच्या चेहऱ्यास व डाव्या डोळ्यास इजा झाली, नायिकेची वाट बंद झाली आणि त्या अधू डोळ्याच्या आधाराने त्या खाष्ट सासू व कपटी स्त्री यांच्या भूमिकांकडे वळल्या. हा वृत्तान्त खोटा नाही. पण तो अपुरा आहे, आणि त्याच्या अपुरेपणामुळे एका नटीच्या कर्तृत्वाचे श्रेय एका अपघाताच्या पदरात पडते. ललिताबाईंच्या उत्तरकालीन भूमिकांचे मूळ इजेत जितके आहे, त्याहून अधिक ते मूकपटाने दिलेल्या शिक्षणात आहे, हे दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

(२)

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवले येथे झाला. त्यांचे मूळ नाव अंबा. वडील लक्ष्मणराव सगुण हे कापडाच्या व्यवसायात होते. पुण्यात त्यांचा संबंध आर्यन फिल्म कंपनीशी आला. ‘राजा हरिश्चंद्र’ आणि ‘आर्य महिला’ ही १९२८ सालची नावे त्यांच्या पहिल्या भूमिकांच्या संदर्भात येतात. त्या वेळी त्यांचे वय बारा वर्षांचे होते.

आर्यन फिल्म कंपनीचे सूत्रधार नानासाहेब सरपोतदार हे होते. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पटकथालेखनाचा अनुभव घेऊन ते पुण्यात आले. पुण्याच्या चित्रपटेतिहासात ‘प्रभात’चे नाव एवढे मोठे आहे की १९३३ साली प्रभात कंपनी कोल्हापूरहून येथे येण्यापूर्वीही या नगरात चित्रनिर्मिती चालत असे, याचा सहसा विसर पडतो. पुणेकर वाचकास सरपोतदारांचे नाव आज अधिक परिचित असेल ते १९३५ साली त्यांनी लक्ष्मी रस्त्यावर सुरू केलेल्या ‘पूना गेस्ट हाऊस’मुळे. मूकपटांचा व्यवसाय संपल्यानंतर या क्षेत्रातील माणसे कोणकोणत्या वाटांनी गेली याचे ते एक बोलके उदाहरण आहे.

अशा कंपनीत बारा वर्षांच्या मुलीस काय शिकावयास मिळाले असेल? याचे उत्तर मूकपटाच्या तंत्रातच आहे. कॅमेरा बहुधा हाताने फिरवावयाचा असे. चित्रीकरण मुख्यतः सूर्यप्रकाशात, उघड्या वा पांढऱ्या कापडाने आच्छादलेल्या मंचावर होई. दृश्य चालू असतानाच दिग्दर्शक मोठ्याने सूचना देऊ शके, कारण ध्वनी मुद्रित होण्याचा प्रश्नच नव्हता. नटीने त्या ऐकत ऐकत, पण ऐकत आहोत असे न भासविता, काम करावयाचे असे. त्या काळी सर्रास वापरात असलेली फिल्म तांबड्या रंगास जवळजवळ आंधळी होती. ओठांचा तांबूस रंग पडद्यावर काळा उमटे आणि चेहऱ्यावरील बारीक छटा पुसल्या जात. परिणामी भाव केवळ चेहऱ्यावर सोपवून चालत नसे. तो मानेच्या वळणात, खांद्यांच्या ठेवणीत, चालण्याच्या गतीत आणि हातांच्या हालचालीत उतरवावा लागे. पात्राचे बोलणे मधूनमधून येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांवर छापलेले असे; तेव्हा पाटी येण्यापूर्वीच प्रेक्षकास आशय कळला पाहिजे, ही नटाची कसोटी होती.

मूकपटातील अभिनय म्हणजे भडक अभिनय, अशी समजूत अद्यापही आढळते. भडकपणा होता हे खरेच. परंतु या शिस्तीचे खरे फळ निराळे होते : संपूर्ण देहाने एकच अर्थ सांगण्याची सवय. ही सवय ज्या वयात जडते, त्या वयात ती ललिताबाईंना जडली.

(३)

मूकपटकालीन ललिताबाईंचे काम प्रत्यक्ष पडद्यावर पाहण्याची संधी आज अत्यंत मर्यादित आहे. भारतात १९१३ पासून सुमारे तेराशे मूकपट तयार झाले. त्यांपैकी पूर्ण वा अंशतः उरलेले चित्रपट तीसच्या आसपास आहेत. नायट्रेटची फिल्म ज्वालाग्राही व नाशवंत असे. शिवाय बोलपट आल्यावर जुन्या मूकपटांना बाजारात किंमत उरली नाही आणि त्यांतील चांदी काढून घेण्यासाठी प्रती वितळविल्या गेल्या. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना पुण्यात १९६४ साली झाली, तोपर्यंत बहुतेक हानी होऊन गेली होती. जे जमविले गेले त्यातीलही मोठा नायट्रेट साठा ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातच लागलेल्या आगीत नष्ट झाला.

या परिस्थितीत ‘दिलेर जिगर’ (१९३१) हा चित्रपट उरला, हे ललिताबाईंच्या अभ्यासकाचे भाग्यच म्हणावयाचे. तो अगरवाल फिल्म कंपनीने काढला व ग. प. पवार यांनी दिग्दर्शित केला. याच पवारांशी पुढे ललिताबाईंचा विवाह झाला. चित्रपट डग्लस फेअरबँक्सच्या साहसपटांच्या घाटाचा आहे : राज्य बळकावणारा दुष्ट काका, कसरतीच्या खेळांवर गुजराण करीत वाढलेला राजपुत्र, आणि त्याची सहचरी सारंगा. सारंगेची भूमिका ललिताबाईंची आहे. ही नायिका संकटात सापडून वाट पाहत बसणारी नाही. मुखवटा चढवून, तलवार घेऊन ती स्वतः संघर्षात उतरते.

‘दिलेर जिगर’च्या वेळी ललिताबाई पंधरा वर्षांच्या होत्या, आणि नायिका म्हणून त्यांची ओळख नाजूक सौंदर्याच्या नव्हे तर चपळाईच्या आधारावर उभी होती. अपघाताने ‘सुंदर नायिकेची खलनायिका झाली’ असे म्हणताना आपण नायिका या शब्दाचा नंतरच्या काळातील अर्थ आधीच्या काळावर लादतो. मूकपटातील साहसपटाच्या नायिकेस चेहऱ्याइतकेच, किंबहुना चेहऱ्याहून अधिक, अंगाच्या हालचालीवर अवलंबून राहावे लागे. चेहऱ्यास इजा झाल्यावरही टिकणारे असे काहीतरी ललिताबाईंपाशी आधीपासूनच होते.

(४)

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईत ‘आलम आरा’ प्रदर्शित झाला. पुढच्याच वर्षी प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत आला. त्यानंतर मूकपट फार काळ टिकणे शक्य नव्हते. या संक्रमणात अनेकांची कारकीर्द खंडित झाली. मूकपटाची सर्वांत लोकप्रिय नटी सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, हिला हिंदीच्या अभ्यासासाठी काही काळ काम थांबवावे लागले. ‘आलम आरा’चा नायक मास्टर विठ्ठल हा मूकपटातील साहसपटांचा तळपता नट; बोलपटात मात्र त्याला आपले पूर्वीचे स्थान टिकविता आले नाही. दुसऱ्या बाजूस दुर्गा खोटे यांच्यासारख्या सुशिक्षित व स्पष्ट वाणीच्या नटींना बोलपटाने दार उघडून दिले.

ललिताबाई या दोन्ही गटांत बसत नाहीत. मूकपट मावळत असताना, १९३२ मध्ये, ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांनी स्वतः भाग घेतला. बोलपटात आल्यावर ‘हिम्मत-ए-मर्दां’ (१९३५) सारख्या चित्रपटात त्या स्वतःची गाणी स्वतः गायिल्या. पार्श्वगायनाची पद्धत रूढ होण्यापूर्वी नटीस ते करणे भागच होते. १९३८ च्या सुमारास ‘दुनिया क्या है’ या चित्रपटाची निर्मिती त्यांनी केली. त्याचे कथानक टॉलस्टॉयच्या ‘रिसरेक्शन’ या कादंबरीवर आधारलेले होते. त्या कादंबरीची नायिका समाजाने टाकलेली, न्यायालयासमोर उभी केलेली स्त्री आहे. स्वतःच्या निर्मितीसाठी एखादी नटी कोणते कथानक निवडते, यावरून तिच्या महत्त्वाकांक्षेचा अंदाज बांधता येतो. वयाच्या बाविसाव्या वर्षाच्या आसपास असलेल्या या नटीस केवळ शोभेची नायिका होऊन राहावयाचे नव्हते, एवढे यावरून निश्चित दिसते.

याच काळात मराठी बोलपटातही त्यांचे काम होत होते. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९) आणि वि. स. खांडेकरांच्या कथेवरचा, मास्टर विनायक यांनी दिग्दर्शित केलेला नवयुग चित्रपटाचा ‘अमृत’ (१९४१) ही त्यांतील महत्त्वाची नावे. ऐतिहासिक, पौराणिक, सामाजिक व साहसपट अशा चारही प्रकारांत वावरलेली नटी, अशी त्यांची स्थिती १९४२ पूर्वीच झाली होती.

(५)

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात सहनट भगवान यांनी मारावयाची थप्पड प्रमाणाबाहेर जोरात बसली. चेहऱ्याच्या डाव्या भागास पक्षाघात झाला व डाव्या डोळ्यास कायमची इजा पोहोचली. उपचार सुमारे तीन वर्षे चालले. दुखापतीचे गांभीर्य कमी लेखण्याचे कारण नाही; ज्या व्यवसायात चेहरा हीच उपजीविका, त्यात सव्विसाव्या वर्षी असा आघात होणे म्हणजे सर्वस्व पणास लागणे होय.

तथापि येथे कालक्रमाकडे काळजीपूर्वक पाहिले पाहिजे. रूढ वृत्तान्तात १९४२ नंतर एक पोकळी आणि त्यानंतर एकदम ‘सासू’ असा क्रम दिला जातो. प्रत्यक्षात या दोहोंच्या मध्ये, १९४४ साली, प्रभातचा ‘रामशास्त्री’ येतो. गजानन जागीरदार यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात रामशास्त्री प्रभुणे यांची भूमिका जागीरदारांची होती, आणि आनंदीबाईंची ललिता पवारांची.

या भूमिकेचे मोल पुण्याच्या वाचकास अधिक विस्ताराने सांगावयास नको. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात झालेला नारायणराव पेशव्यांचा वध आणि त्यासंबंधीची ‘ध’चा ‘मा’ केल्याची आख्यायिका हा मराठी माणसाच्या स्मृतीचाच भाग आहे. इतिहासकारांनी या आख्यायिकेविषयी काहीही म्हटले तरी लोकमानसातील आनंदीबाई तिच्यामुळेच उभी आहे. कृ. प्र. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’ (१९०९) पासून ही व्यक्तिरेखा मराठी रंगभूमीवर बलाढ्य भूमिका म्हणून मान्यता पावलेली होती. तेव्हा प्रभातसारख्या नामांकित कंपनीच्या चित्रपटात आनंदीबाई साकारणे ही नायिकापदावरून झालेली घसरण खचितच नव्हे. मराठी नाट्यपरंपरेत स्त्रीपात्रांसाठी राखून ठेवलेल्या कठीण जागांपैकी ती एक जागा होती.

आता ‘ध’चा ‘मा’ या कृतीचा अभिनयाच्या दृष्टीने विचार केला तर काय दिसते? तेथे बोलावयाचे काही नाही. एक कागद आहे, एक लेखणी आहे, आणि एक अक्षर आहे. संपूर्ण प्रसंग शब्दाविना, हात व दृष्टी यांच्या आधारे उभा राहावयाचा. बोलपटाच्या हृदयात मूकपटाचा एक तुकडा जणू शिल्लक राहावा, अशी ही जागा आहे. मूकपटात वाढलेल्या नटीकडे ही भूमिका आली हा निव्वळ योगायोग असेल. परंतु ती जागा कोणत्या प्रकारच्या शिक्षणाची मागणी करते, हे त्यातून स्पष्ट होते.

तात्पर्य, नायिकेपासून चरित्रभूमिकेकडे झालेला बदल हा केवळ नाइलाजाचा पर्याय नव्हता. इजेने एक दार बंद केले हे खरे. पण दुसऱ्या दारातून आत जाताना ललिताबाईंच्या हाती सोळा वर्षांची पुंजी होती.

(६)

या दुसऱ्या दाराच्या आत मात्र एक वेगळीच अडचण होती, आणि तिचा संबंध इजेशी नसून चित्रपटव्यवसायातील स्त्रियांच्या वयाशी आहे.

व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’ (१९५०) मध्ये हुंड्यासाठी सुनेचा छळ करणारी सासू ललिताबाईंनी रंगविली, तेव्हा त्या चौतीस वर्षांच्या होत्या. अमिय चक्रवर्ती यांच्या ‘दाग’ (१९५२) मध्ये त्या दिलीपकुमारच्या आई झाल्या. दिलीपकुमारचा जन्म १९२२ चा. म्हणजे आई आणि मुलगा यांच्या वयात प्रत्यक्षात सहाच वर्षांचे अंतर होते. तिशी ओलांडलेल्या नटीस व्यवसायाने दोनच स्थाने दिली होती, आई किंवा सासू. आणि ती स्थाने वार्धक्याच्या खुणांसह स्वीकारावी लागत. त्याच काळात पुरुष नट चाळिशी उलटल्यावरही नायक म्हणून निर्वेधपणे वावरत होते.

हाच नियम अन्य देशांतही कमीअधिक प्रमाणात दिसतो. फ्रेंच नट शार्ल व्हानेल (१८९२–१९८९) याने १९१२ मध्ये मूकपटात पदार्पण केले आणि ‘ल सालेर द ला पर’ (१९५३) या चित्रपटात, साठी ओलांडल्यावर, एक मध्यवर्ती भूमिका केली. वयाने आलेला थकवा व भय हाच त्या भूमिकेचा विषय होता. पुरुष नटाचे वय हा कथानकाचा विषय होऊ शकतो. स्त्री नटीचे वय मात्र बहुधा तिला कथानकाच्या कडेला नेऊन बसविते. ललिताबाईंचे यश मोजावयाचे ते या पार्श्वभूमीवर. कडेला बसविलेल्या जागेवरून त्यांनी मध्यवर्ती नाट्य आपल्याकडे खेचून घेतले.

‘दहेज’मधील सासूचेच उदाहरण घ्या. हुंड्याचा प्रश्न मांडणाऱ्या चित्रपटात अन्याय हा एखाद्या व्यक्तीच्या दुष्टपणातून येतो की रूढीतून, हा कळीचा प्रश्न असतो. सासू निव्वळ राक्षसी रंगविली तर रूढी निर्दोष सुटते. सासू हीसुद्धा याच व्यवस्थेत एके काळी सून होऊन आलेली स्त्री असते. आपल्याला मिळालेली वागणूक ती पुढच्या पिढीस परत करते. ललिताबाईंच्या सासूमध्ये हुकमत चालविण्याची जी सराईत सहजता दिसते, ती दुष्टपणापेक्षा सवयीची वाटते, आणि म्हणूनच अधिक भयप्रद वाटते. महाराष्ट्रातील व उत्तरेतील कितीतरी प्रेक्षकांना ही सासू ओळखीची वाटली, याचे कारण हेच असावे.

(७)

आता मुख्य प्रश्नाकडे वळू. अधू डोळा हाच जर कपटी भूमिकांचा आधार असेल, तर त्या डोळ्याने सर्वत्र एकच अर्थ द्यावयास हवा. प्रत्यक्षात काय घडते हे पाहण्यासाठी १९५९ हे एकच वर्ष पुरेसे आहे.

त्या वर्षी ललिताबाईंचे दोन महत्त्वाचे चित्रपट प्रदर्शित झाले. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’मध्ये त्या गिरिबाला झाल्या आहेत : अस्पृश्य घरात जन्मलेल्या मुलीस ब्राह्मण कुटुंबात वाढविण्यास कडवा विरोध करणारी वडीलधारी नातेवाईक. हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अनाडी’मध्ये त्या मिसेस डिसा आहेत : तोंडाने फटकळ, मनाने मायाळू, भाडेकरू तरुणावर पोटच्या मुलासारखे प्रेम करणारी ख्रिस्ती घरमालकीण. सदोष औषधाने तिचा मृत्यू होतो आणि त्याचा आळ त्याच तरुणावर येतो; म्हणजे चित्रपटाचे सारे नैतिक वजन तिच्या विश्वासार्हतेवर तोललेले आहे. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचे साहाय्यक अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले.

दोन्ही चित्रपटांत चेहरा तोच, डोळा तोच. पण ‘सुजाता’त तो अर्धवट मिटलेला डोळा समोरच्यास तोलून पाहणारा, तुच्छतेचा वाटतो, ‘अनाडी’त तोच डोळा थकलेल्या, पुष्कळ पाहून झालेल्या माणसाचा वाटतो आणि त्यात वात्सल्य दिसते. याचा उलगडा कसा करावयाचा?

एक उत्तर चित्रपटशास्त्राने फार पूर्वी दिलेले आहे. रशियन दिग्दर्शक लेव्ह कुलेशॉव्ह याने १९२० च्या आसपास इव्हान मोझ्झूखिन या नटाच्या एकाच निर्विकार चेहऱ्याचे समीपदृश्य निरनिराळ्या दृश्यांशी जोडून दाखविले, तेव्हा प्रेक्षकांना त्यात निरनिराळे भाव दिसले, असे सांगतात. म्हणजे चेहऱ्याचा अर्थ संदर्भातून येतो. हे उत्तर खरे असले तरी पुरेसे नाही. कारण ललिताबाईंचा चेहरा निर्विकार नसतो, आणि दोन्ही चित्रपटांतील फरक केवळ जोडणीने निर्माण झालेला नाही. दोन्हीकडे देह निराळा आहे. गिरिबाला ताठ आहे; तिची हालचाल काटकसरीची, सोवळ्याची आठवण देणारी, स्पर्श टाळणारी. मिसेस डिसा सैल आहे. तिचे हात सतत काहीतरी करीत असतात, आणि तिचा राग अंगभर पसरून लगेच विरून जातो. डोळा दोन्हीकडे तोच राहतो. त्याला अर्थ देण्याचे काम बाकीचा देह करतो. आणि सर्व देहाने एकच अर्थ सांगण्याची ही रीत आपण मूकपटाच्या संदर्भात वर पाहिलीच आहे.

या ठिकाणी मिशेल सीमाँ (१८९५–१९७५) याची आठवण होते. जिनिव्हात जन्मलेला हा फ्रेंच चित्रपटातील नट मूकपटाच्या अखेरच्या वर्षांत पुढे आला आणि ‘ला शिएन’ (१९३१), ‘बूदू’ (१९३२) व ‘लातालांत’ (१९३४) या बोलपटांनी नामवंत झाला. रूढ अर्थाने कुरूप म्हणावा असा त्याचा चेहरा हेच त्याचे बळ होते. १९५० नंतरच्या दशकात रंगभूषेतील एका द्रव्याच्या विषबाधेने त्याच्या चेहऱ्याच्या व शरीराच्या काही भागास पक्षाघात झाला. त्याची कारकीर्द संपली असे मानले जात असतानाच एका ज्यू मुलावर माया करणाऱ्या पूर्वग्रहदूषित वृद्धाच्या भूमिकेने त्याला १९६७ साली बर्लिन महोत्सवात सर्वोत्कृष्ट नटाचे पारितोषिक मिळवून दिले. दोन निराळ्या देशांत, निराळ्या परंपरांत वाढलेल्या या दोन नटांचे साम्य अपघातातले नाही. चेहऱ्याचा एक भाग निकामी झाल्यावर अभिनयाचे ओझे अंगावर घेऊ शकेल असा देह दोघांपाशी तयार होता, हे खरे साम्य होय.

(८)

विनोदी भूमिकांनी या निष्कर्षास आणखी पुष्टी मिळते. गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ (१९५५) मध्ये स्त्रियांच्या हक्कांसाठी सभा घेणारी व पुरुषजातीवर रुष्ट असलेली सीतादेवी ही नायिकेची आत्या ललिताबाईंनी केली. आजच्या वाचकास त्या चित्रपटाची वैचारिक बाजू पटणार नाही; घटस्फोटाच्या नव्या कायद्याची त्यात थट्टा आहे आणि सीतादेवी हे त्या थट्टेचे लक्ष्य आहे. तरीही पात्र हास्यास्पद होत असतानाच त्याचा रुबाब शाबूत ठेवणे हे काम नटीने केले आहे.

‘जंगली’ (१९६१) मध्ये घरात हसण्यास बंदी घालणारी आई आणि ‘प्रोफेसर’ (१९६२) मध्ये भाच्यांवर कडक पहारा ठेवणारी सीतादेवी वर्मा या भूमिका तर आपल्याच साच्याचा केलेला विनोद आहेत. ‘प्रोफेसर’मध्ये वृद्ध शिक्षकाच्या वेषातील तरुणावर ही करारी स्त्री अनुरक्त होते. कथानकाने तिला केवळ हसण्याचा विषय करावयाचे ठरविले होते. परंतु आयुष्यभर कठोरपणाचे कवच वागविणाऱ्या स्त्रीला आरशासमोर उभे राहावेसे वाटणे, यात करुणेचा एक धागा आहे, आणि तो ललिताबाईंनी सोडलेला नाही. हृषीकेश मुखर्जींच्या ‘मेमदीदी’ (१९६१) मध्ये तर पंचेचाळीस वर्षांच्या या नटीस शीर्षकभूमिकाच मिळाली. हिंदी चित्रपटात अशी घटना त्या काळी विरळाच म्हटली पाहिजे. १९६१ सालीच संगीत नाटक अकादमीने चित्रपट अभिनयासाठी त्यांचा गौरव केला.

याच १९६१ मध्ये बाबूभाई मिस्त्री यांच्या ‘संपूर्ण रामायण’ या चित्रपटात त्यांनी मंथरा केली होती. पाव शतकानंतर रामानंद सागर यांच्या मालिकेत तीच भूमिका पुन्हा त्यांच्याकडे आली. दूरदर्शनच्या लहान पडद्यावर समीपदृश्यांचे प्राबल्य असते. अंगाच्या हालचालीस तेथे वाव थोडा. परंतु मंथरा ही कुबडी आहे. तिचे पाठीतून वाकलेले शरीर हाच तिचा स्वभाव व हाच तिचा इतिहास. मूकपटात आरंभ केलेल्या नटीने सत्तरीत पोहोचल्यावर पुन्हा एकदा देहाच्या ठेवणीतूनच व्यक्तिरेखा उभी केली. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात, औंध येथे, ललिताबाईंचे निधन झाले. ज्या नगरात त्यांनी प्रथम कॅमेऱ्यास तोंड दिले, त्याच नगरात त्यांचा अंत झाला.

(९)

वरील विवेचनातून तीन गोष्टी हाती लागतात. एक, ललिता पवार यांच्या कारकीर्दीत १९४२ हे वर्ष महत्त्वाचे असले तरी ते तिचे दोन तुकडे करीत नाही. ‘दिलेर जिगर’ची सारंगा, ‘रामशास्त्री’तील आनंदीबाई, ‘अनाडी’तील मिसेस डिसा आणि मालिकेतील मंथरा यांच्यामधून देहाभिनयाचे एकच सूत्र जाते. दोन, ‘खाष्ट सासू’ हा साचा त्यांच्या इजेने घडविला नाही. तो मुख्यतः तिशीनंतरच्या नटीस अन्य जागा न देणाऱ्या व्यवसायाने घडविला, आणि त्या साच्याच्या आत राहून त्यांनी परस्परविरोधी स्वभावांची माणसे उभी केली. तीन, बोलपट आल्यावर मूकपटाची कला लोपली असे जे म्हटले जाते ते चरित्रनटांच्या बाबतीत खरे नाही. ती त्यांच्या अंगात मुरून राहिली.

यावरून संशोधनाची एक दिशाही सुचते. आपल्याकडे नटनटींची चरित्रे पुष्कळ लिहिली गेली, पण अपघात, विवाह, मानधन व पारितोषिके यांपलीकडे जाऊन अभिनयाचे दृश्यागणिक वर्णन करणारे लेखन फार थोडे आहे. मूकपट नष्ट झाले असले तरी त्यांत वाढलेल्या नटांचे पुढील काळातील बोलपट पुष्कळ प्रमाणात उपलब्ध आहेत. एखादा प्रसंग आवाज बंद करून पाहावा, नटाच्या मानेची, खांद्यांची व हातांची नोंद करावी, आणि मग तोच प्रसंग आवाजासह पुन्हा पाहावा. शब्दांनी नेमकी किती भर घातली हे तेव्हा कळते. ‘सुजाता’ व ‘अनाडी’ यांच्या तुलनेपासून आरंभ करण्यास हरकत नाही. हरवलेल्या मूकपटांचा काही अंश या रीतीने, त्या काळातील नटांच्या उत्तरकालीन हालचालींतून, परत मिळविता येईल. पुण्यात शिकणाऱ्या विद्यार्थ्यास त्यासाठी दूर जावयास नको; ज्या नगरात या कलेचे धडे दिले गेले, तेथेच ती पाहण्याची साधनेही जतन केलेली आहेत.